काळाची खोली म्हणे परसात मोजायची!

काटेवाला:
परवा मांजराकाठ सरांनी लिहिलेलं ते 'काळाचं नवं एकक' चार ग्रुपवरनं फिरून माझ्याकडं पाच वेळा आलं, त्यातलं एक माझ्या मेव्हण्यानं 'दाजी तुमच्या लाईनचं आहे' म्हणून पाठवलं, म्हणून आता लिहितोच. ज्यांनी वाचलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. सर म्हणतात, घड्याळ काळाची लांबी दाखवतं, खोली दाखवत नाही. विहिरीची खोली जशी आपण परसात, म्हणजे माणसाच्या उंचीच्या मापात सांगतो तशी काळाचीही परसात सांगायची. एक घटका, म्हणजे 24 मिनिटं, माणूस पूर्ण जागेपणी जगला तर एक परस. अर्धवट जागा असला तर अर्धा. मोबाईल चाळत घालवलेले तीन तास म्हणजे वीतभर. आणि शेवटी हिशोब असा की एखादा 80 वर्षं जगून 40 परस आणि एखादा तिशीतच हजार परस. खाली सगळ्यांचे हात जोडलेले.

माझं मोंढ्याजवळ वजनकाटे दुरुस्तीचं दुकान आहे, 26 वर्षं झाली. जाणीव-बिणीव मला कळत नाही, पण एकक कशाला म्हणतात ते कळतं. तुरीच्या सीझनला रोज एक तरी भांडण माझ्या दारात येतं. शेतकरी म्हणतो आडत्याचा काटा मारतो, आडत्या म्हणतो घरूनच माल कमी आणला. मी दोघांचंही ऐकत नाही. पासिंगचं, म्हणजे सरकारी तपासणीचा शिक्का असलेलं वीस किलोचं वजन उचलतो, काट्यावर मधोमध ठेवतो, मग चारी कोपऱ्यांवर ठेवून बघतो. आकडा सगळ्यांसमोर दिसतो. मागं एकदा डाव्या कोपऱ्यावर 180 ग्रॅम कमी निघालं, खाली पट्टीत तुरीचे दाणे अडकलेले. ब्रशनं झाडले, संपलं भांडण. एककाचं काम एवढंच असतं, भांडण मिटवायचं. सरांच्या परसानं कोणतं भांडण मिटणारे? नवरा म्हणणार मी आज चार परस जगलो, बायको म्हणणार दिवसभर लोळत होता.

आमचे आजोबा सांगायचे, प्रत्येक गावची पायली वेगळी, आणि सावकाराकडं घ्यायची वेगळी, द्यायची वेगळी. रुपयेसुद्धा दोन, निजामाचा हाली आणि इंग्रजांचा कलदार. त्या गोंधळात नागवला कोण गेला? ज्याला हिशोब येत नव्हता तो. 1956 ला मापांचा कायदा झाला, 1958 पासून किलो आला तेव्हा कुठं गरिबाला विचारायची सोय झाली की बाबा हे खरंच किलोभर आहे का. आणि तो किलोसुद्धा पॅरिसजवळ ठेवलेल्या एका धातूच्या ठोकळ्यावर होता, तर तो ठोकळासुद्धा कणभर बदलू शकतो म्हणून 20 मे 2019 पासून त्याला रिटायर केलं. सेकंद म्हणजे 1967 पासून सिझियमच्या अणूची 9,192,631,770 आंदोलनं, एक कमी नाही एक जास्त नाही. जगात लोक इतकी काळजी घेतात आणि इथं सर कॉटवर बसून नवीन माप काढतात. 'पूर्ण जागा' म्हणजे किती जागा? पासिंग कोण करणार? शिक्का कोण मारणार?

मांजराकाठ:
काटेवाले भाऊ, कॉटवर नाही, ओसरीवर बसून लिहिलं. बाकी राग मान्य. पण मी 31 वर्षं भौतिकशास्त्र शिकवलंय, सिझियम मलाही माहितीये.

तुम्ही म्हणता आतलं मोजता येत नाही. मग मिरचीचं काय करता? मिरचीचा तिखटपणा ज्या स्कोव्हिल एककात सांगतात ते 1912 सालचं आहे आणि ते निव्वळ माणसाच्या जिभेवर काढलेलं. मिरचीचा अर्क साखरेच्या पाण्यात पातळ करत जायचा, चाखणाऱ्याला तिखट लागायचं बंद होईपर्यंत. किती पट पातळ केला तो आकडा. जीभ काय तुमच्या त्या ठोकळ्यासारखी पॅरिसजवळ ठेवलेली नव्हती कुणाची. आवाजाचं 'सोन' नावाचं एकक आहे, 1936 चं, त्यात आवाज कानाला दुप्पट वाटला की आकडा दुप्पट. वाटला! यंत्रात नाही, माणसाला. म्हणजे आतलं मोजायचा प्रयत्न शहाण्या माणसांनी केलेला आहे.

आणि घड्याळाचा काळ आणि आतला काळ वेगळा हे काही मी शोधलेलं नाही. मिशेल सिफ्र नावाचा फ्रेंच माणूस 1962 साली दोन महिने आल्प्समधल्या गुहेत घड्याळाशिवाय राहिला. 14 सप्टेंबरला बाहेर काढला तर त्याच्या हिशोबानं 20 ऑगस्ट होती. पंचवीस दिवस गेले कुठं? 1922 च्या एप्रिलमध्ये पॅरिसला तत्त्ववेत्ता बर्गसन आणि आइनस्टाइन यांचं याच गोष्टीवरून समोरासमोर वाजलं होतं. आइनस्टाइनचं म्हणणं तत्त्ववेत्त्यांचा वेगळा काळ वगैरे काही नसतो. काटेवाले भाऊ, तुम्ही आइनस्टाइनच्या बाजूला आहात, खुश व्हा.

आपल्याकडंच बघा ना. ज्ञानदेवांचं आपेगाव आपलं, पैठण आपलं. चांगदेव 1400 वर्षं जगले म्हणतात, वाघावर बसून भेटीला निघाले, पण त्याआधी ज्ञानदेवांना पत्र लिहायचं तर मायना काय घालावा, वयानं लहान म्हणून चिरंजीव की अधिकारानं मोठे म्हणून तीर्थरूप, तेच ठरेना. कोरा कागद पाठवला. मुक्ताबाई म्हणाली एवढी वर्षं जगून कोराच राहिला. लांबी 1400 वर्षं, खोली शून्य. मी फक्त मुक्ताबाईच्या बोलण्याला एकक दिलं.

उस्मानाबादी_बोकड:
सर चांगदेव म्हणजे भास्कराचार्यांचा नातू ना, त्याचा पाटणला शिलालेख आहे, 1207 चा. तो 1400 वर्षं कधी जगला? 😄

मांजराकाठ:
तो वेगळा चांगदेव. यादवांच्या दरबारातला ज्योतिषी. मी योगी चांगदेवांबद्दल बोलतोय.

उस्मानाबादी_बोकड:
बरं बरं. पण घटकेचा विषय निघालाच आहे तर एक सांगून ठेवतो, भास्कराचार्य आमच्या बीडचे. त्यांनी आपलं गाव विज्जलवीड लिहिलंय, ते म्हणजे बीड. चाळीसगाववाल्यांनी पळवले.

मांजराकाठ:
त्यांनी स्वतः सह्याद्रीच्या आश्रयाचं गाव लिहिलंय. बीडला बालाघाट आहे, सह्याद्री कुठनं आणता?

उस्मानाबादी_बोकड:
बालाघाट काय आभाळातनं पडला का, सह्याद्रीचीच रांग आहे ती. मराठवाड्याचं म्हटलं की सगळ्यांना शंका. रेल्वे द्यायला शंका, पाणी द्यायला शंका, आता गणितीपण देईनात.

बालाघाटी:
सर राम राम. परस शब्द वापरलाव ते लै बरं केलाव, आजकालच्या पोरांना परस म्हटलं की मागचं अंगण वाटतंय. पण तुमी कधी विहीर पाडली नाही असं दिसतंय. आमची नऊ परस आहे. वडलांनी बहात्तरच्या दुष्काळात सुरू केली, चार परसावर काळा पाषाण लागला, सुरुंग लावून लावून पुढं गेले, यारीवर मी स्वतः दगड वढलेत. सांगायचं काय, की परस वाढलं म्हणून पाणी वाढत नसतंय!! आमच्या चुलत्याची अकरा परस आहे, कोरडी ठाक, उन्हाळ्यात कबुतरं राहतेत तिच्यात. आमची नऊ परस, गुढीपाडव्यापर्यंत तीन तास मोटार चालती. आणि बोअरची तर बातच सोडा, बोअरला परस नसतंय, फूट असतंय. पयलं साडेचारशे, दुसरं सव्वापाचशे, तिसरं सहाशे चाळीस. गाडी रातभर घरघर करायली, सगळं घर बांधावर बसलेलं, बायको हात जोडून, आणि वर काय यायलंय तर फुफाटा. नुसता फुफाटा. सकाळी आमी सगळे पिठाच्या गिरणीतनं आल्यासारखे पांढरे. सहाशे चाळीस फूट खोल हाय की सर, घ्या तुमची खोली.

म्हणून म्हणतो खोली मोजू नका. किती इंच पाणी लागलं ते मोजा. आणि जागा दाखवायला चांगला पाणाड्या पायजे. चौथं बोअर आमी पाणाड्याला इचारून घेतलं, त्यानं तळहातावर नारळ आडवा ठिवला, चालत चालत गेला, लिंबाच्या खोडापासून सतरा पावलावर नारळ उभा राहिला. डोळ्यानं बघितलंय. नव्वद फुटावर दोन इंची. आजपण चालू आहे.

काटेवाला:
बालाघाटी दादा पहिल्या निम्म्याला शंभर टक्के सहमत. सरांनी 'खोल' म्हणजे आपोआप चांगलं असं धरूनच ठेवलंय. चांगदेवाला शून्य परस देऊन टाकले, चांगदेवाला कुणी विचारलं का? आणि मिरचीचं उदाहरण चांगलंय, मानतो, आवडलं नाही तरी मानतो. पण त्यात पातळ करायला साखरेचं पाणी आहे सर. पाच माणसं बसवून तोच अर्क पाचही जणांच्या जिभेवर ठेवता येतो. तुमची घटका तुम्ही माझ्या जिभेवर कशी ठेवणार? काळ कशात पातळ करणार?
पाणाड्याबद्दल मात्र बोलत नाही, घरात दोन माणसं त्या पार्टीची आहेत.

बेसाल्टवाली:
मी बोलते, माझी एमएस्सी जिऑलॉजीत झालीये. बालाघाटी काका, आपल्याकडं सगळा बेसाल्ट आहे, लाव्ह्याचे थरावर थर. घट्ट काळ्या पाषाणात पाणी राहत नाही, राहतं ते वरच्या मुरमात, भेगांत आणि दोन थरांमधल्या सच्छिद्र भागात. आणि ते बहुतेक वरच्या दीड-दोनशे फुटांतच. म्हणून तुमचं नव्वद फुटावर लागलं, त्यात नारळाचं काय कर्तृत्व? पावसाळा बरा झाला असेल तर लिंबापासून सतरा काय सत्तर पावलांवरही लागलं असतं. नारळ उभा राहतो कारण हाताचे स्नायू नकळत हलवतात, याला 1852 मध्येच कार्पेंटर नावाच्या माणसानं नाव देऊन ठेवलंय, आयडिओमोटर. जर्मनीत 1987-88 ला गोदामात पाईप हलवून पाणाड्यांची मोठी परीक्षा झाली, बहुतेकांचा अंदाज म्हणजे नुसता अंदाजच निघाला.
सहाशे चाळीस फूट मारलं ते तर मुळातच चुकलं. आपला भूजल कायदा 60 मीटरच्या खाली जायला अडवतो तो उगाच नाही.

बालाघाटी:
ए पोरी, कायदा तू वाचलाव, पाषाण मी फोडलाव. एसीत बसून थर सांगायलीस. आधी तीन बोअर मशीनवाल्याला इचारूनच घेतले होते, तारा लावून, ब्याटरी लावून, कागदावर लाल निळं छापून दिलं त्यानं. तिन्ही फेल. त्याचे पैसे कुणी परत दिले का? नारळवाल्यानं पाचशे एक रुपये आणि एक टोपी घेतली फक्त.

बेसाल्टवाली:
पोरी म्हणू नका, वय वर्षं 34, दोन लेकरांची आई आहे. आणि एसी नाही, पंखा आहे, तोही लाईट असली तर.
माझ्या बापानं तुमच्याच पार्टीच्या माणसाचं ऐकून दोन बोअर मारले. एकदा नारळ, एकदा उंबराची फांदी. दोन्ही कोरडे. त्या वर्षी माझ्या हॉस्टेलचे पैसे भरायला आईच्या पाटल्या गेल्या. तुमचा जो नारळ खरा ठरला तो तुम्ही जन्मभर सांगणार, माझ्या बापाचे दोन नारळ कुणी मोजत नाही. म्हणून तर पाणाड्या जिंकतो.

बालाघाटी:
बरं ताई म्हणतो. पाटल्यांचं वाईट झालं. पण तो पाणाड्या भोंदू असंल म्हणून सगळे भोंदू का? डॉक्टर चुकला म्हणून दवाखाने बंद करतेत का?

उस्मानाबादी_बोकड:
काका दवाखान्यात नारळ फिरवत नाहीत.

बालाघाटी:
तू गप रे बोकडा.

रातपाळी:
इथं जाणिवेवर चर्चा होती म्हणून आले होते तर सगळे बोअर मारायलेत 😂 मी आयसीयूत सिस्टर आहे, 14 वर्षं. काटेवाले दादा, जाणीव आम्ही रोज मोजतो. ग्लासगो कोमा स्केल, 1974 पासून जगभर आहे. डोळे उघडतो का त्याचे 4, बोलतो का त्याचे 5, हातपाय हलवतो का त्याचे 6. सगळं मिळून 15. काहीच नाही तरी 3, शून्य कुणालाच मिळत नाही, मेलेल्यालापण तीनच. म्हणजे सर, तुमचा चांगदेवसुद्धा आमच्याकडं आला तर शून्य नाही लागणार त्याला.
पण खरं सांगू का. ड्युटी बदलताना संध्याकाळची सिस्टर 11 लिहून जाते, मी दहा मिनिटांनी बघते तर मला 9 वाटतात. तोच पेशंट, तोच बेड. कारण तिनं नाव घेऊन मोठ्यानं हाक मारली, मी फक्त 'बाबा डोळे उघडा' म्हटलं. घरचं माणूस येऊन 'ए तात्या' म्हटलं की 13. मग तात्याची जाणीव किती? ऑपरेशनमध्ये कपाळाला पट्टी लावून आकडा दाखवणारं मशीन असतं, शून्य ते शंभर, भुलीत 40 ते 60 ठेवायचा. ते बरं असतं, आकडा भांडत नाही. पण ते पण एवढंच सांगतं की झोप पुरेशी आहे का. आत माणूस काय बघतोय ते नाही सांगत.
रात्रीचे तीन ते पाच मात्र परसातच मोजायला पाहिजेत सर. घड्याळ तिथं थांबतं. मॉनिटरचा बीप बीप, कुठल्यातरी नातेवाईकाचं घोरणं, आणि सलाईनचे थेंब मोजत बसायचं.

काटेवाला:
सिस्टर, हे तुम्ही माझ्याच बाजूनं बोलल्या. 9 आणि 11. माझ्या दुकानात असा काटा आला तर मी शिक्का मारत नाही.

रातपाळी:
दादा तुमच्या दुकानात काटा मरत नाही. आम्हाला 9 का 11 यावर डॉक्टरला झोपेतनं उठवायचं का ते ठरवावं लागतं. चुकीचा आकडापण नसण्यापेक्षा बरा असतो कधी कधी. चार तासांपूर्वी 11 होता आता 9 आहे, एवढं कळलं तरी माणूस वाचतो. तुमचा काटा खरा आहे का ते नाही बघत आम्ही, कुठं चाललाय ते बघतो.

काटेवाला:
...हे मात्र बरोबर आहे. (घ्या, स्क्रीनशॉट काढा कुणीतरी, आमच्या मेव्हण्याला पाठवा.)

मांजराकाठ:
सिस्टर, तुम्ही माझं काम सोपं केलं. तोनोनी नावाच्या शास्त्रज्ञानं 2004 मध्ये याच्यासाठी 'फाय' नावाचं माप मांडलं, किती माहिती एकजीव झाली आहे त्यावरून जाणीव...

उस्मानाबादी_बोकड:
त्यावर 2023 ला 124 संशोधकांनी सह्या करून हे छद्मविज्ञान आहे म्हणून पत्र काढलं सर. ते पण सांगा की. अर्धंच सांगायलाव.

मांजराकाठ:
सांगणारच होतो. एकदा भास्कराचार्य बीडचे, एकदा 124 सह्या. बोकड नेमका कोणत्या दावणीचा आहे?

बेसाल्टवाली:
सर मला एक खरंच विचारायचंय. लोक म्हणतात अपघातात वगैरे काळ संथ होतो. अमेरिकेत एकानं 2007 ला प्रयोग केला होता, माणसांना 31 मीटरवरनं जाळीत सोडलं. स्वतःचं पडणं त्यांना 36 टक्के जास्त लांब वाटलं, पण मनगटावरच्या स्क्रीनवरचे भराभर बदलणारे आकडे काही जास्त वाचता आले नाहीत. म्हणजे त्या क्षणी जास्त दिसत नाही, नंतर आठवण जाड होते. मग तुमची खोली काळाची की आठवणीची? मला तर हे पण नारळासारखंच वाटतंय, हात आपलाच हलतो आणि आपण म्हणतो नारळ उठला.

माळवद:
मी सहसा लिहीत नाही. जाळीत पडणं आणि ते एक नाही एवढं सांगायला आलो.
आमचं गाव किल्लारीच्या बाजूचं. मी नऊ वर्षांचा होतो. आदल्या दिवशी गणपती बुडवले, उशिरापर्यंत लेझीम, पायाला गुलाल तसाच, आईनं पाय धू म्हटलं तर धुतले नाहीत. माळवदाचं घर, दोन हात जाड दगडमातीच्या भिंती, उन्हाळ्यात गार म्हणून सगळे कौतुक करायचे. 30 सप्टेंबर 1993, पहाटे 3 वाजून 56 मिनिटांनी भूकंप झाला, हे मला नंतर पुस्तकातनं कळलं. मला तर वाटलं मांजरीनं उतरंड पाडली.
मी उतरंडीच्या आणि कणगीच्या मधे अडकलो. नाकातोंडात माती. हात एकच हलत होता. बाजूला आत्या होती, तिच्या बांगड्या वाजायच्या, मी हाक मारली की वाजायच्या. मी दोनचे पाढे म्हणायला लागलो, मग तीनचे, गुरुजींनी सतराचे पाठ करायला सांगितले होते ते म्हटले, परत दोनपासनं. मधे कधीतरी बांगड्या वाजायच्या बंद झाल्या. त्याच्यानंतर पण मी पाढे म्हणत होतो.
बाहेर काढलं तर मी विचारलं संध्याकाळ झाली का. लोक म्हणाले आठ वाजलेत सकाळचे. चार तास. सरांच्या हिशोबानं दहा घटका.
त्याचे किती परस ते मला कुणी सांगू नका. 36 टक्के पण सांगू नका.

बेसाल्टवाली:
दादा माफ करा. तुम्हाला उद्देशून नव्हतं. मी ते पुस्तकातलं बोलत होते.

माळवद:
राग नाही ताई. तुमचं बरोबर पण असेल. आठवण जाड होते हे खरंय, पाढ्यांचं मी इतक्यांदा सांगितलंय की आता खरंच किती वेळा म्हटले ते मला पण माहीत नाही. बांगड्यांचं मात्र पक्कं आहे.
सर, एक इचारू? तुमच्या हिशोबात पूर्ण जागा राहिला की परस वाढतं आणि जास्त परस म्हणजे चांगलं जगणं. मी त्या चार तासांइतका जागा परत कधी राहिलो नाही. मला ते नको होतं.

मांजराकाठ:
नाही, उत्तर नाही माझ्याकडं याला.
मी हे एकक का काढलं ते पोस्टमध्ये लिहिलं नव्हतं. आमची सौभाग्यवती मागच्या वर्षी गेली. शेवटचे अकरा दिवस दवाखान्यात. त्या अकरा दिवसांत मी बाहेरच्या बाकावर बसून मोबाईलवर क्रिकेट बघितलं, दुसरं काही सुचत नव्हतं. आत जायला रोज दोनदा पाच पाच मिनिटं. सिस्टर तुम्ही म्हणता तसा तिचा आकडा कमी कमी होत होता. आणि मला आता ती पाच मिनिटंच आठवतात, ते अकरा दिवस नाहीत. मग मी बसून हिशोब करायला लागलो. मास्तर माणूस, दुसरं काय येतं. अकरा दिवस गुणिले दहा मिनिटं, 110 मिनिटं, साडेचार घटका. 42 वर्षांच्या संसारातले साडेचार परस तरी मी तिथं होतो असं कुठंतरी लिहून ठेवायचं होतं.

रातपाळी:
सर 🙏 बाहेर बाकावरचं क्रिकेट सगळेच बघतात. मी चौदा वर्षं बघतेय. एक आजोबा तर अगरबत्तीच्या जाहिरातीसकट बघायचे. त्याचा हिशोब लावू नका.

काटेवाला:
सर, हे आधी लिहिलं असतं तर मी एवढं लांब लिहिलं नसतं. कॉटवरचं परत घेतो.
पण एक सांगतो, धंद्यातलं. आमच्याकडं जुनी पितळी मापं येतात कधी कधी, अधोली, शेर. पासिंग नाही, शिक्का नाही, व्यवहारात चालत नाहीत. लोक मोडीत काढत नाहीत, घासून फडताळात ठेवतात. आमच्या आजीची अधोली आहे घरी, तिच्यात दर संक्रांतीला तीळ मोजतात. किती ग्रॅम भरतात मी कधी काट्यावर ठेवून बघितलं नाही, आणि बघणार पण नाही. तुमचं परस तसं ठेवा. फक्त 'कोणी 40 परस कोणी हजार परस' हे काढून टाका, तिथं व्यवहार सुरू होतो, आणि तिथं मी येणार शिक्का विचारायला.

मांजराकाठ:
ती ओळ काढतो. माळवद यांचं वाचल्यावर तशीही ठेवता आली नसती. चांगदेवांचे शून्य परस पण काढतो, सिस्टर तीन देतायत तर तीन.

बालाघाटी:
सर लै वाईट वाटलं. काळजी घ्या. जेवण वेळेवर करत जावा.
आणि बेसाल्टवाल्या ताई, मी इचार केला. तुमच्या वडलांना ज्यानं दाखवलं त्यानं उंबराची फांदी वापरली म्हनलाव ना. तितंच चुकलं. उंबर नाही चालत, जांभळाची लागती.

बेसाल्टवाली:
काका!!!

काटेवाला:
हे बघा, एकदाचं मिटवू. माझ्या दुकानात भांडण मिटवायची एकच पद्धत आहे. बालाघाटी दादा तुमचा नारळवाला घेऊन या. सहा झाकलेल्या बादल्या ठेवतो, तीनमध्ये पाणी तीन रिकाम्या. सांगू दे.

बालाघाटी:
बादलीवर नारळ उभा राहत नसतो भाऊ, जमिनीतल्या वाहत्या पाण्यावर राहतो. तुमी काट्यावर हवा मोजायलाव.

काटेवाला:
बरं. मग आमच्या गल्लीत आणा. नळाची लाईन जमिनीखालनं गेलीये, कुठनं गेली ते कुणालाच माहीत नाही, वाहतं पाणी आहे. नारळ उभा राहिला तिथं खांदू, लाईन निघाली तर पाचशे एक आणि टोपी माझ्याकडनं.

बालाघाटी:
हां ही झाली बात. कधी आणू?

काटेवाला:
नळ आला की. बारा दिवसाला येतो, कधी पंधरा.

बालाघाटी:
आता कितवा दिवस चालूय?

काटेवाला:
बायको म्हणते तेरावा. मला वाटतं नववा.